एकेचाळिसावा दिवस

डेलमर हाउक बावीस वर्षं आमदार होता आणि त्या बावीस वर्षांत त्याच्या नावावर एकही मोठा कायदा नाही. ही गोष्ट तो स्वतःच मिरवायचा. "मी तिथं कायदे करायला जात नाही, अडवायला जातो," असं तो म्हणायचा आणि वेसेल्टनच्या लोकांना ते मनापासून पटायचं. आमच्या काउंटीत माणसांपेक्षा गाई जास्त आणि गाईंपेक्षा वारा जास्त. सरकार इथं जितकं कमी फिरकेल तितकं बरं, याबाबत चर्चचं आणि गुत्त्याचं पूर्ण एकमत आहे.

आमचं विधिमंडळ म्हणजे हिवाळ्याचं काम. जानेवारीत भरायचं, चाळीस दिवस चालायचं आणि पेरण्यांच्या आधी उठायचं. आमदारांत निम्मे शेतकरी आणि गाईवाले, बाकी मास्तर, विमावाले, एक प्रेतं पुरणारा. तिथं कुणाचं विधेयक कुणी तोंडावर मारत नाही. मारायचं असलं की समितीत एक जण उठतो आणि म्हणतो, यावरची चर्चा एकेचाळिसाव्या दिवसावर ढकलावी. अधिवेशन चाळीस दिवसांचं, त्यामुळे तो दिवस काही उगवत नाही. विधेयक मरतं, मांडणारा हस्तांदोलन करून जागेवर बसतो, कुणाचं मन दुखत नाही. डेलमरचा या कामात हात धरणारा कुणी नव्हता. हेल्मेटची सक्ती, विहिरींवरचे मीटर, गोठ्यांत फिरणारे निरीक्षक, असं कितीतरी त्यानं मऊ आवाजात एकेचाळिसाव्या दिवशी पाठवून दिलं. घरात स्वयंपाकघर रंगवायचा विषय निघाला तरी तो असंच म्हणतो, अशी त्याची बायको आर्डिथ चेष्टा करायची. अर्थात स्वयंपाकघर अठरा वर्षं पिवळंच होतं.

त्याची दुसरी ख्याती म्हणजे तो वाचायचा. बाकीचे आमदार पुढाऱ्याकडे बघून हात वर करतात. हा पेन्सिल घेऊन प्रत्येक विधेयक ओळ न् ओळ वाचायचा आणि मगच मत द्यायचा. गावाला याचा अभिमान होता आणि त्याला तर होताच होता.

पण ही आमदारकी चालत होती ती दुसऱ्याच्या जिवावर, हेही सांगितलं पाहिजे. गाई व्यायचे दिवस आणि अधिवेशनाचे दिवस नेमके एकच. डेलमर राजधानीत कोट घालून बसलेला असताना त्याच्या गोठ्यात बर्फात उभा राहून वासरं ओढून काढायचा त्याचा मेहुणा, गेलन श्लेप. आर्डिथचा धाकटा भाऊ. लग्न केलेलं नाही, आजोबांची जमीन एकट्यानं करायचा, तीन मैलांवर राहायचा. दर जानेवारीत बिनबोभाट हजर व्हायचा आणि मार्चमध्ये आपल्या घरी जायचा. आभार मानले की म्हणायचा, "तू तिकडं त्या लोकांना आवर, मी इकडं गाईंना आवरतो. माझं काम सोपं आहे."

त्या वर्षी फेब्रुवारीच्या शेवटी मोठं हिमवादळ आलं. डेलमर शेतकी समितीचा अध्यक्ष होता. सकाळी समिती भरायच्या आधी आर्डिथचा फोन आला.

"अकरा वासरं गेली," ती म्हणाली. "गेलन दोन दिवस झोपलेला नाही. हातमोजे हातालाच चिकटलेत त्याचे. मी कात्रीनं कापून काढले."

"मी येऊ का?"

"रस्ते बंद आहेत. कसा येणार? तू तुझं काम कर."

तो समितीत जाऊन बसला, पण मन गोठ्यात होतं. समोर काटेरी तणाचं विधेयक होतं. तणनिरीक्षकानं आगाऊ कळवून शेतात जाऊन बघावं, एवढंच. जानेवारीत त्यानं ते वाचलेलं होतं, पेन्सिलीची खूणही केली होती. पूर्वेकडच्या शहरातला एक आमदार उठला आणि म्हणाला की शब्द जरा स्पष्ट करायला एक दुरुस्ती आहे. कागद फिरला. डेलमरनं तो हातात घेतला, खाली ठेवला आणि अकरा वासरांचा विचार करत हात वर केला. कुणीच विरोध केला नाही, म्हणून विधेयक बिनविरोधांच्या यादीत गेलं. त्या यादीतली विधेयकं सभागृहात चर्चेविना एकगठ्ठा मंजूर होतात. एक आमदार जरी उठून नको म्हणाला तरी ते विधेयक यादीतून बाहेर निघतं. कुणी उठलं नाही.

अधिवेशन चालू असताना दर शनिवारी आमदारानं गावी येऊन लोकांसमोर बसायचं, ही इकडची रीत. माजी सैनिकांच्या हॉलमध्ये टेबल मांडतात, बायका कॉफी आणि सायीचे गोड पाव आणतात आणि ज्याला जे विचारायचं ते तो विचारतो. मार्चच्या दुसऱ्या शनिवारी तिथं खुर्च्या कमी पडल्या. परराज्यातली एक कंपनी पाच काउंट्यांतून पाइपलाइन नेणार होती. कारखान्यांचा धूर दाबून जमिनीत पुरायला न्यायचा म्हणे. रस्त्याकडेला नारिंगी फिती बांधलेल्या खुंट्या दिसायला लागल्या होत्या. त्या कोण ठोकतं ते कुणी पाहिलं नव्हतं. सकाळी उठावं तर चार नव्या.

गेलन उभा राहिला. बावीस वर्षांत तो या सभेत कधी बोलला नव्हता. त्यानं टोपी काढली.

"डेलमर, मला एकच सांग. माझी परवानगी नसताना हे मोजणीवाले माझ्या रानात पाय ठेवू शकतात का? हो की नाही?"

"नाही."

"नक्की?"

"अरे, तिथला प्रत्येक कागद मी वाचतो. असा कायदा असता तर मला माहीत नसता का? तू फाटक लाव आणि घरात बसून निवांत कॉफी पी."

हॉल हसला, मग टाळ्या पडल्या, मग लोक उभे राहिले. डेलमरच्या आयुष्यात इतक्या टाळ्या त्याला कधी मिळाल्या नव्हत्या.

एप्रिलमध्ये त्या वर्षीच्या कायद्यांचं पुस्तक टपालानं आलं. ते तो दर वर्षी स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचायचा. तणाचा कायदा आला तेव्हा तो जवळजवळ पान उलटून पुढे जाणार होता. मग थांबला. तिथं लिहिलं होतं की तणनिरीक्षक, किंवा सार्वजनिक उपयोगाच्या वाहिनीची मोजणी करणारी कोणतीही व्यक्ती, तीन दिवस आधी लेखी कळवून खासगी जमिनीत जाऊ शकेल. अंमल एक जुलैपासून.

आर्डिथ भांडी पुसत होती. तिनं त्याच्याकडे पाहिलं. "काय झालं?"

त्यानं पुस्तक तिच्याकडे फिरवलं आणि ओळीवर पेन्सिल ठेवली. तिनं दोनदा वाचलं.

"हे तू केलंस?"

"माझ्या समितीतून गेलं."

"म्हणजे तूच केलंस. गेलनला फोन लाव."

"फोनवर नको. समोर बसून सांगावं लागेल."

"मग गाडी काढ."

तो उठला नाही. जूनमध्ये पक्षातली उमेदवारीची निवडणूक होती. समोर ब्रायस केल नावाचा ट्रकवाला उभा होता. तो रोज रेडिओवर ओरडत होता की जुने बैल कंपनीला विकले गेलेत. "गेलनच्या पोटात काही राहत नाही," डेलमर म्हणाला. "सकाळी त्याला सांगितलं की दुपारी सगळ्या हॉटेलभर होईल. मी विकला गेलो असंच लोक म्हणतील. आर्डी, मी चुकलोय, विकला गेलेलो नाही. निवडणूक होऊ दे. दुसऱ्याच दिवशी जातो. एक जुलैच्या आधी कळलं म्हणजे झालं."

"आणि तोवर त्यानं काही केलं तर?"

"तोवर काय करणार आहे तो?"

आर्डिथ गप्प बसली. इथं तिचंही चुकलं, आणि आपण चुकतोय हे तिला तेव्हाच कळत होतं. पण चाळीस वर्षं ज्याच्या शब्दावर घर चाललं त्याचा शब्द तिनं पुन्हा एकदा मानला.

मे महिन्यात गेलननं आपल्या फाटकावर डेलमरच्या प्रचाराची पाटी लावली. डेलमर तिथून जात होता तर गेलननं हात करून गाडी थांबवली. फाटकाला त्यानं लोखंडी नळ्यांच्या तीन आडव्या दांड्या जोडल्या होत्या. वेल्डिंगचा वास अजून येत होता.

"तू सांगितलंस तसं फाटक लावलं बघ," तो म्हणाला. "आता येऊ दे कुणाला यायचंय ते."

फाटकाच्या खांबाला बंदूक टेकवून ठेवली होती. ती तो एरवी कोल्ह्यांसाठी गाडीत ठेवायचा.

"बंदूक कशाला?"

"दाखवायला. कायदा माझ्या बाजूनं आहे, मला मारायची काय गरज? माझा मेहुणा आमदार आहे." त्यानं डेलमरच्या खांद्यावर थाप मारली. "का रे, तोंड का उतरलंय? पडतोस की काय त्या ट्रकवाल्यासमोर?"

डेलमर हसला. त्या हसण्याची त्याला पुढे फार किळस आली.

रस्त्यावरच्या खुंट्या आता ओढ्यापर्यंत पोचल्या होत्या. परराज्याच्या पाटीची एक पांढरी गाडी दुपारभर टेकाडावर उभी असायची, आतलं कुणी खाली उतरायचं नाही. हॉटेलात पूर्वी पावसापाण्याच्या गप्पा चालायच्या, तिथं आता माणसं कप हातात धरून बाहेर रस्त्याकडे बघत बसायची. हे काही चांगल्यानं संपणार नाही, हे प्रत्येकाला वाटत होतं आणि तोंडानं कुणी म्हणत नव्हतं.

निवडणूक डेलमर एकोणचाळीस मतांनी जिंकला. दुसऱ्या दिवशी सकाळी आर्डिथनं त्याच्यासमोर गाडीची किल्ली ठेवली. तो म्हणाला, गेलनची पहिली गवतकापणी चालू आहे, ती होऊ दे. पुढच्या आठवड्यात गेलनचा ट्रॅक्टर बिघडला, माणूस आधीच वैतागलेला, त्याला आणखी काय सांगायचं. मग उन्हाळा असा पेटला की सगळ्यांचीच डोकी तापलेली. बावीस वर्षं नकोशी गोष्ट उद्यावर टाकत आलेल्या माणसाला कारणं शोधावी लागत नाहीत, ती आपोआप रांगेनं येतात. आर्डिथ रोज विचारायची, "आज?" जूनच्या शेवटी तिनं विचारणं सोडलं.

चार जुलैला गावात स्वातंत्र्यदिनाची मिरवणूक असते. आमदारानं जुन्या ट्रॅक्टरवर बसून मुलांकडे टॉफ्या फेकायच्या. गेलन घडीची खुर्ची टाकून रस्त्याकडेला बसला होता. ट्रॅक्टर थांबला तेव्हा तो उठून जवळ आला.

"नोटीस आली. सोमवारी आठ वाजता येतायत," तो म्हणाला. "खाली कसल्यातरी कलमाचा आकडा टाकलाय, घाबरवायला. फाडून शेगडीत घातली."

डेलमरच्या हातातल्या टॉफ्या तशाच राहिल्या. "गेलन, आपण एकदा बसू या. तुझ्याशी बोलायचंय."

"बस की. रविवारी ये. फक्त अधिवेशनातल्या गमती सांगू नकोस, झोप येते मला."

रविवारी चर्च झाल्यावर डेलमर एकटाच गेला. फाटकापाशी गाडी थांबवून तो उतरला. गेलन रानाच्या पार दुसऱ्या टोकाला होता, गवताच्या गाठी बांधायचं यंत्र चालवत होता. पश्चिमेला ढग चढत होते. गवत खाली पडलेलं असताना आणि आभाळ असं भरून आलेलं असताना आमच्याकडे कुणी कुणाला थांबवून गप्पा मारत नाही. सख्खा भाऊ असला तरी नाही. गेलननं लांबून हात वर केला. डेलमरनं हात वर केला. दहा मिनिटं तो तिथं उभा राहिला. गवतातून अर्ध्या मैलाची चाल तेवढ्याच वेळाची होती. मग त्यानं ठरवलं, आता नको, माणूस कामात आहे, उद्या आठाच्या आधी येऊन सांगू. आणि तो गाडीत बसला. हे लिहितानाही संताप येतो. त्या अर्ध्या मैलात सगळं होतं.

पाऊस आलाच नाही. सोमवारी सकाळी वारासुद्धा पडलेला होता. आमच्या माळावर वारा पडला की माणसं दारात येऊन बघतात. डेलमर साडेसातला निघाला. ओढ्याच्या पुलावर समोरून गावची रुग्णवाहिका आली. इथं समोरून गाडी आली की स्टीअरिंगवरची दोन बोटं उचलायची, मग ओळख असो वा नसो. रुग्णवाहिका चालवणारी बाई त्याच्याच चर्चमधली होती. तिनं त्याच्याकडे पाहिलं, बोटं उचलली नाहीत.

मोजणीवाले ऊन टाळायला सातलाच आले होते. बरोबर शेरीफचा, म्हणजे काउंटीच्या पोलीसप्रमुखाचा, एक माणूस होता. गेलननं फाटकातून त्यांना शांतपणे सांगितलं की तुम्हाला हक्क नाही, आमच्या आमदाराला विचारा. शेरीफच्या माणसानं कागद पुढे केला. गेलननं तो घेतला नाही. मोजणीवाल्यांपैकी टॉड रेनी नावाच्या माणसानं फाटकाच्या दांडीवर पाय ठेवला. गेलननं धाक दाखवायला त्याच्या समोर जमिनीवर गोळी झाडली. ती लोखंडी नळीला लागून फिरली आणि रेनीच्या मांडीत घुसली. इस्पितळ सत्तर मैल लांब. काउंटीची हद्द ओलांडायच्या आधीच तो गेला.

डेलमर पोचला तेव्हा गेलन आपल्या गाडीच्या पायरीवर बसला होता. बेड्या पडल्या होत्या. डेलमरला पाहून त्याचा चेहरा एकदम निवळला.

"आलास का. यांना सांग रे. हे म्हणतायत कायदा आहे."

डेलमरनं तोंड उघडलं. "आता नको, साहेब, नंतर," शेरीफचा माणूस म्हणाला आणि त्यानं गेलनला गाडीत घातलं. डेलमरला सुटल्यासारखं वाटलं. तसं वाटलं याची लाज दुसऱ्या क्षणाला वाटली, पण आधी सुटल्यासारखं वाटलं ते वाटलंच.

गुरुवारी तुरुंगात भेटीची परवानगी मिळाली. एका वेळी एकच माणूस, अर्धा तास. आर्डिथ बाहेर गाडीत बसली. काचेपलीकडे गेलन आला, त्यानं फोन उचलला.

"गवत आत घेतलं का कुणी?"

"घेतलं. चर्चची माणसं आली होती."

"बरं झालं." त्यानं हाताच्या तळव्याकडे पाहिलं. "त्या माणसाला दोन मुली आहेत म्हणे. मी जमिनीवर मारली होती, डेलमर. देवाशपथ."

"माहीत आहे मला."

"सरकारनं एक वकील दिलाय. पोरगेलाच आहे. मला म्हणतो, असा कायदा आहे. मी हसलो त्याला. म्हटलं, बाळा, कायदे करणारा माझ्या घरातला आहे, त्यानं दीडशे माणसांसमोर मला सांगितलंय. मंगळवारी कोर्ट आहे. तू ये आणि तेवढंच सांग. हक्क नसताना ते आले, एवढं जजला कळलं की निदान माणूस म्हणून तरी तो माझ्याकडे बघेल."

इथं पुढे ढकलायला काही उरलं नव्हतं.

"गेलन, कायदा आहे. तणाच्या विधेयकात घुसवला. माझ्याच समितीत. तू माझी वासरं काढत होतास त्या दिवशी. मी वाचलं नाही."

"तुला कधी कळलं?"

"एप्रिलमध्ये."

"म्हणजे फाटकावर तुझी पाटी लावली तेव्हा तुला ठाऊक होतं."

"हो."

"रविवारी हात केलास तेव्हा?"

"तेच सांगायला आलो होतो."

"पण सांगितलं नाहीस."

"नाही."

मग गेलननं हळूच विचारलं, "आर्डीला माहीत होतं?"

बावीस वर्षांत डेलमरनं पुष्कळ गोष्टी टाळल्या होत्या, पण तोंडावर खोटं असं तो कधी बोलला नव्हता. "नाही," तो म्हणाला. "तिला काही माहीत नव्हतं."

गेलननं मान हलवली. "तिला आत पाठव. तू परत येऊ नकोस." त्यानं फोन ठेवला.

बाहेर गाडीच्या काचेपाशी येऊन डेलमर म्हणाला, "तुला बोलावलंय."

"सांगितलंस?"

"सगळं सांगितलं. फक्त तुला माहीत नव्हतं, असं म्हणालोय. तू तेवढंच धरून ठेव, आर्डी. त्याला आता तुझ्याशिवाय कुणी नाही."

"आई गेली तेव्हा तो चार वर्षांचा होता," ती म्हणाली. "मी वाढवलंय त्याला. कधी खोटं बोलले नाही त्याच्याशी."

"एवढं एकदाच."

पर्स सीटवर ठेवून ती उतरली आणि सरळ चालत आत गेली. डेलमर ड्रायव्हरच्या जागेवर बसला आणि दाराकडे बघत राहिला. अर्ध्या तासाची भेट होती. ती चार मिनिटांत बाहेर आली. चेहऱ्यावर रडल्याची खूण नव्हती. ती त्याच्या बाजूच्या दाराशी येऊन उभी राहिली, "एप्रिलपासून मला माहीत होतं, हेच सांगितलं त्याला," म्हणाली आणि तिनं किल्लीसाठी हात पुढे केला. त्यानं किल्ली दिली आणि तो खाली उतरला. ती गाडी घेऊन भावाच्या घराच्या रस्त्याला लागली.